विश्लेषण : एसयूव्हीचे मागचे ‘शॉकअप’ आरामासाठी की सुरक्षेसाठी? चंद्रपूर-गडचिरोलीत ते बदलायचे कधी?

टायर गुळगुळीत झाला तर डोळ्यांना दिसतो. ब्रेक लागेनासा झाला तर त्याच दिवशी गॅरेज गाठले जाते. मागचे शॉकॲब्सॉर्बर, म्हणजे गॅरेजच्या भाषेतले ‘शॉकअप’, मात्र असे अचानक दगा देत नाहीत. ते महिनोन्‌महिने थोडे थोडे झिजतात आणि चालवणाऱ्याला त्या डुलण्याची सवय होते. ‘रस्ताच खराब आहे’ म्हणून विषय संपतो. चंद्रपूर आणि गडचिरोली या दोन जिल्ह्यांत तर हे कारण सहज पटतेही. पण नेमक्या याच जिल्ह्यांत झिजलेल्या शॉकअपकडे दुर्लक्ष करणे सर्वांत धोक्याचे आहे.

शॉकअप नेमके काय करते?

गाडीचे वजन शॉकअप उचलत नाही. ते काम स्प्रिंगचे किंवा पाट्यांचे. खड्ड्यात चाक गेले की स्प्रिंग दबते आणि मग उसळते. तिला आवरणारे कोणी नसेल तर ती चेंडूसारखी वर-खाली होत राहील. ही उसळी शांत करणे हे शॉकअपचे काम.

त्याच्या नळीत तेल असते आणि दट्ट्या. दट्ट्याला बारीक झडपा असतात. चाक वर-खाली झाले की तेलाला त्या झडपांतून जबरदस्तीने जावे लागते आणि हालचालीची ऊर्जा उष्णतेत बदलते. म्हणूनच खडबडीत रस्त्यावर चाललेल्या गाडीचे चांगले शॉकअप हाताला गरम लागते. एका किलोमीटरला सरासरी हजाराहून अधिक वेळा ही हालचाल होते, असा उत्पादकांचा हिशोब आहे. म्हणजे ८० हजार किलोमीटरमध्ये आठ कोटींहून अधिक वेळा. हळूहळू आतल्या झडपा आणि सील झिजतात, तेल पातळ होते, थोडे थोडे बाहेर पडते.

झिजल्याने ब्रेकवर काय परिणाम होतो?

ब्रेक चाक थांबवतो. गाडी मात्र टायर आणि रस्ता यांच्या पकडीमुळे थांबते. चाक जमिनीवरून उडत असेल तर त्या क्षणी पकड नसते, आणि पकड नसेल तर ब्रेक कितीही नवा असला तरी उपयोग नाही.

जोरात ब्रेक मारला की गाडीचा भार पुढे झुकतो आणि मागची बाजू हलकी होते. मागचे शॉकअप निकामी असतील तर हलकी झालेली चाके उसळत राहतात. एप्रिल २०१९ पासून देशात विकल्या जाणाऱ्या नव्या मोटारींना एबीएस बंधनकारक आहे. पण एबीएसही चाकाच्या फिरण्यावरूनच निर्णय घेते. चाक उडून पुन्हा टेकत असेल तर ते ब्रेकचा दाब सोडते, पुन्हा धरते आणि गाडी थांबायला जास्त अंतर लागते. खडबडीत पृष्ठभागावर हा परिणाम अधिक जाणवतो.

ताशी ६० किलोमीटर वेगात गाडी एका सेकंदात जवळपास १७ मीटर पुढे जाते. चंद्रपूर-मूल रस्त्यावर किंवा आलापल्लीच्या जंगलात रानडुक्कर किंवा चितळांचा कळप समोर आला, तर पाय ब्रेकवर जाईपर्यंतच एवढे अंतर संपलेले असते. उरलेल्या प्रत्येक मीटरला मोल आहे. ब्रेकसोबत स्टिअरिंगही वळवावे लागले तर मागची बाजू घसरण्याचा धोका वेगळाच.

मागचेच शॉकअप का महत्त्वाचे?

पुढच्या चाकांमध्ये बिघाड झाला की तो स्टिअरिंगमधून चालकाच्या हाताला कळतो. मागचा बिघाड हाताला कळत नाही. तो मागे बसलेल्यांच्या पाठीला कळतो. ते बहुधा मुले, वृद्ध किंवा दवाखान्यात नेला जाणारा रुग्ण असतात आणि ‘गाडी फार आदळते’ या त्यांच्या तक्रारीकडे चालक फारसे लक्ष देत नाही.

शिवाय सात आसनी गाडीचा बदलता भार मुख्यतः मागेच पडतो. चालक एकटा असताना गाडी ठीक वाटते. पण तिसऱ्या रांगेतली माणसे आणि त्यांच्या पाठीमागचे सामान जवळजवळ थेट मागच्या ॲक्सलवर असते. मार्कंड्याची जत्रा, सिरोंचातले लग्न किंवा नागपूरचा दवाखाना, अशा प्रवासात सात-आठ माणसे, पिशव्या आणि टपावर बोचकी असतात. रोजच्या ये-जा करण्यात लपलेला दोष अशाच दिवशी उघडा पडतो आणि त्याच दिवशी गाडीत सर्वाधिक माणसे असतात.

या दोन जिल्ह्यांत वेगळे काय आहे?

पहिले म्हणजे अंतरे. १९८२ मध्ये चंद्रपूरमधून वेगळा झालेला गडचिरोली जिल्हा १४,४१२ चौरस किलोमीटरचा आहे आणि २०११ च्या जनगणनेनुसार त्याची लोकसंख्या पावणेअकरा लाखांच्या आत. सिरोंचाहून जिल्ह्याच्या ठिकाणी यायचे तर सुमारे २०० किलोमीटर. मोठ्या दवाखान्यासाठी चंद्रपूर किंवा नागपूर गाठायचे तर त्याहून पुढे. अशा रस्त्यावर मधेच गाडी बिघडली तर जवळचे चांगले गॅरेज तासाभराच्या अंतरावर असते, मोबाइलला रेंज असेलच असे नाही.

दुसरे म्हणजे जड वाहतूक. चंद्रपूर जिल्ह्यात वेकोलिच्या कोळसा खाणी, औष्णिक वीज केंद्र, राजुरा-गडचांदूर-कोरपना पट्ट्यातले सिमेंट कारखाने. गडचिरोलीत एटापल्ली तालुक्यातील सुरजागडचे लोहखनिज. ट्रक आणि कुटुंबाची गाडी, दोघांचाही रस्ता एकच. आष्टी-आलापल्ली मार्गाच्या दुरवस्थेवरून स्थानिकांनी वारंवार आवाज उठवला आहे, तो याचमुळे.

रस्ता कोण खराब करतो याचे एक ढोबळ गणित आहे. १९५८ ते १९६० या काळात अमेरिकेतील इलिनॉय राज्यात ओटावा येथे मुद्दाम रस्ते बांधून त्यांवर ट्रक फिरवण्यात आले. त्यातून दिसले की, रस्त्याची झीज ॲक्सलवरील भाराच्या साधारण चौथ्या घाताने वाढते. भार दुप्पट झाला की झीज सोळा पट. एक टन भाराच्या ॲक्सलपेक्षा दहा टनांचा ॲक्सल रस्त्याला सुमारे दहा हजार पट झिजवतो. २०१८ मध्ये केंद्र सरकारने चार टायरच्या एका ॲक्सलसाठी भाराची मर्यादा १०.२ टनांवरून ११.५ टनांवर नेली. वाढ साडेबारा टक्क्यांच्या आसपास वाटते, पण याच गणिताने त्या ॲक्सलमागे झीज सुमारे ६० टक्क्यांनी वाढते.

तिसरे म्हणजे हवामान. चंद्रपूरचा पारा उन्हाळ्यात ४६-४७ अंशांपर्यंत जातो. पावसाळ्यात भामरागडची पर्लकोटा पुलावरून वाहते, ठिकठिकाणचे रपटे पाण्याखाली जातात. गाळ आणि वाळू शॉकअपच्या चकचकीत दांड्यावर बसते. धुळीपासून वाचवणारे रबरी आवरण फाटलेले असेल तर तीच वाळू सील कापते.

मग बदलायचे कधी?

मोठे उत्पादक दर २० हजार किलोमीटरला तपासणी आणि ८० हजारांच्या आसपास बदल सुचवतात. पण हा आकडा सर्वसाधारण रस्त्यांसाठीचा आहे. नागपूर-मुंबई महामार्गावरचे ८० हजार आणि आलापल्ली-सिरोंचा मार्गावरचे ८० हजार सारखे नव्हेत. या भागात मीटरपेक्षा कॅलेंडर पाहणे शहाणपणाचे. दर पावसाळ्यानंतर, दिवाळीच्या प्रवासाआधी एकदा गाडी रॅम्पवर चढवून मागची बाजू तपासून घ्यावी. ५० हजारांनंतर ही तपासणी टाळू नये.

झिजलेले शॉकअप ओळखायचे कसे?

तेल गळणे : नळीवर धुळीचा हलका ओलसर थर असणे चालते. पण तेल ओघळून खालपर्यंत आले असेल, थेंब लटकत असेल तर शॉकअप गेले.

टायरवरचे खळगे : मागच्या टायरवरून हात फिरवावा. ठिकठिकाणी खळगे-उंचवटे लागत असतील तर चाक रस्त्यावर उड्या मारत चालले आहे.

डुलणे : गतिरोधक ओलांडल्यावर मागची बाजू एकदा बसून स्थिर व्हायला हवी. दोन-तीन वेळा हिंदकळत असेल तर संशय घ्यावा. रात्री हेडलाइटचा झोत रस्त्यावर वर-खाली झुलत राहतो, हीदेखील तीच खूण.

गरम-थंड : खराब रस्त्यावर दहा-पंधरा किलोमीटर गाडी चालवून थांबल्यावर दोन्ही शॉकअपना जपून हात लावावा, सायलेन्सरपासून हात दूर ठेवून. एक गरम आणि दुसरे थंड असेल तर थंड असलेले कामच करत नाही.

मागचा बंपर दाबून सोडण्याची जुनी युक्ती छोट्या मोटारीला ठीक. एसयूव्हीची स्प्रिंग कडक असते, त्यामुळे झिजलेले शॉकअपही त्या परीक्षेत पास होऊ शकते. केवळ तिच्यावर विसंबू नये.

दोन गैरसमज मात्र टाळायला हवेत. ‘गाडी मागून बसली’ म्हणजे शॉकअप गेले असे नव्हे. रिकामी गाडीही मागे झुकलेली दिसत असेल तर दोष स्प्रिंगचा किंवा पाट्यांचा. तिथे नवे शॉकअप टाकून पैसे वाया जातात. आणि लहान खड्ड्यांवर येणारी ‘टक-टक’ बहुतेकदा शॉकअपच्या टोकाच्या रबरी बुशची असते. स्वस्तात बुश बदलून काम होत असेल तर तेवढेच करावे.

एकच बदलून चालते का?

नाही. गळणारे एक बदलायचे आणि दुसरे ‘अजून चालते’ म्हणून ठेवायचे, ही काटकसर अंगाशी येते. एक बाजू घट्ट आणि दुसरी सैल राहिली की वळणावर किंवा ब्रेक मारताना गाडी दोन्हीकडे सारखी वागत नाही. एका ॲक्सलवरची जोडी एकत्रच बदलावी. पुढची जोडी त्याच वयाची असेल तर तपासून घ्यावी. पण पैशांअभावी दोनच होणार असतील, तर दोन तर दोन. बहुतेक गाड्यांत मागच्या जोडीचा खर्च चार नव्या टायरच्या संचापेक्षा कमी येतो आणि खराब शॉकअप तेच टायर वेळेआधी खाऊन टाकते.

जुन्या नळीत पुन्हा तेल भरून विकलेले ‘रिकंडिशन’ शॉकअप स्वस्त पडते. पण आतल्या झडपा आणि सीलची झीज त्यातून भरून निघते याची खात्री कोणी देत नाही. आपल्या मॉडेलचा पार्ट नंबर, बिल आणि वॉरंटी असलेलेच घ्यावे. पुण्यात मुख्यालय असलेली गॅब्रिएल इंडिया १९६१ पासून या धंद्यात आहे, इतरही नामांकित उत्पादक आहेत. त्यामुळे शोरूमच्या किमतीला पर्यायच नाही असे नाही.

गॅरेजमध्ये काय पाहावे?

अनेक एसयूव्हींत मागचे शॉकअप स्प्रिंगपासून वेगळे बसवलेले असते. त्यामुळे पुढच्या बाजूसारखी स्प्रिंग दाबून उतरवावी लागत नाही. नट-बोल्ट गंजलेले नसतील तर हे तास-दोन तासांचे काम आहे. तरी काही गोष्टी मालकाने उभे राहून पाहाव्यात.

गाडी केवळ जॅकवर नको, खाली भक्कम स्टँड हवेत. शॉकअप सोडण्याआधी ॲक्सलला खालून वेगळा आधार द्यायला हवा. अनेक गाड्यांत ॲक्सल किती खाली लोंबावा हे शॉकअपच ठरवते. आधार न देता बोल्ट काढला तर ॲक्सल खाली येतो, ब्रेकची नळी ताणली जाते आणि स्प्रिंग जागेवरून निसटू शकते. म्हणून एका वेळी एकच बाजू सोडावी.

नवे शॉकअप बसवण्यापूर्वी उभे धरून तीन-चार वेळा पूर्ण दाबून ओढले की दुहेरी नळीच्या प्रकारातली हवा निघते. दांडा पक्कडीने धरू देऊ नये. चकचकीत पृष्ठभागावर एक ओरखडा पडला तरी नवे सील काही महिन्यांत फाटते. बुश, वॉशर, धुळीचे आवरण आणि आतला रबरी ठोकळा जुनाच लावू नये.

सर्वांत दुर्लक्षित गोष्ट शेवटची. खालचा बोल्ट गाडी हवेत असताना पक्का कसू नये. चाके जमिनीवर टेकून गाडी आपल्या वजनावर बसल्यावर तो ठरलेल्या ताकदीने कसावा. नाहीतर रबरी बुश कायम पिळलेला राहतो आणि लवकर फाटतो. काम झाल्यावर पाच-सहा किलोमीटर चालवून बोल्ट पुन्हा तपासावेत. जुने शॉकअप कापू किंवा तापवू नये, काहींत दाबाखालचा वायू असतो.

‘कडक’ शॉकअप टाकले तर?

खराब रस्त्यासाठी जाड आणि कडक शॉकअप हवेत, असा सल्ला हमखास मिळतो. तो अर्धाच खरा आहे. रोज भरलेली गाडी आणि खडबडीत रस्ता असेल तर वायुदाब असलेले दर्जेदार शॉकअप उपयोगी पडते, कारण सतत हालचालीने तेलाला येणारा फेस त्यात कमी होतो. पण गाडीसाठी ठरवलेल्या मापापेक्षा फार कडक शॉकअप टाकले तर रिकाम्या गाडीचे चाक लहान खड्ड्यांवरून उडते. म्हणजे जे टाळायचे तेच घडते. उंची वाढवण्यासाठी स्प्रिंगखाली ठोकळे घालणे याहून वाईट. शॉकअपची हालचाल संपते आणि तो टोकाला आपटत राहतो. उत्पादकाने दिलेले माप हाच सुरक्षित पर्याय.

सरकारी तपासणीत हे पकडले जात नाही का?

खासगी मोटारीची नोंदणी १५ वर्षांसाठी वैध असते. तोवर तिला तंदुरुस्ती तपासणी नाही. पीयूसी फक्त धूर पाहते. पिवळ्या पाटीची गाडी मात्र पहिली आठ वर्षे दर दोन वर्षांनी आणि नंतर दरवर्षी तपासली जाते. म्हणजे एकाच मॉडेलची, एकाच रस्त्यावर धावणारी, तितकीच माणसे भरलेली गाडी. एकीची तपासणी होते, दुसरीची १५ वर्षे नाही. ब्रिटनमध्ये खासगी मोटारीलाही तीन वर्षांनंतर दरवर्षी तपासणीला जावे लागते आणि शॉकअपची मोठी गळती दिसली तर ती नापास होते.

तीच पद्धत इथे जशीच्या तशी आणा, असे म्हणणे सोपे आहे. पण सिरोंचाच्या माणसाला तपासणीसाठी २०० किलोमीटर पळवणे हा सुरक्षेच्या नावाखालचा जाच ठरेल. आधी तालुक्याच्या ठिकाणी मोफत किंवा अल्प शुल्कात ऐच्छिक तपासणी शिबिरे घ्यायला हरकत नाही. परिवहन विभाग, आयटीआय आणि स्थानिक गॅरेज मिळून हे करू शकतात. मोटार मेकॅनिकचे शिक्षण घेणाऱ्या मुलांचाही त्यात सराव होईल.

रस्ताच खराब असेल तर मालकाने का भरावे?

हा प्रश्न रास्त आहे. ज्या रस्त्यावरून देशभरातल्या कारखान्यांसाठी कोळसा आणि लोखंड जाते, त्या रस्त्याची किंमत शिक्षक, शेतकरी किंवा किराणा दुकानदाराने आपल्या गाडीच्या शॉकअपमधून का मोजावी? २०१५ च्या कायदादुरुस्तीने खाणबाधित जिल्ह्यांत जिल्हा खनिज प्रतिष्ठान स्थापण्यात आले. त्याच्या निधीतून रस्ते आणि पूल यांवरही खर्च करता येतो. नवेगाव मोरे ते सुरजागड अशा स्वतंत्र खनिज मार्गालाही राज्य सरकारने मंजुरी दिली आहे. तो होईपर्यंत सध्याच्या रस्त्यांची डागडुजी, खड्डे बुजवल्याची तारीख आणि झालेला खर्च लोकांना दिसेल असा जाहीर करणे, एवढी अपेक्षा तरी अवाजवी नाही. जादा भाराच्या ट्रकवर खाणीच्या दारातच काटा लावून कारवाई झाली तर त्या चौथ्या घाताच्या गणिताचा फायदा उलट दिशेनेही मिळेल.

पण रस्ता सुधारेपर्यंत थांबू, हा युक्तिवाद गाडीतल्या माणसांच्या जिवावर बेततो. चांगल्या रस्त्यावर झिजलेले शॉकअप काही काळ निभावून नेते, खराब रस्त्यावर ते निभावत नाही. रस्त्यासाठी भांडणे आणि गाडी दुरुस्त ठेवणे ही दोन वेगळी कामे आहेत आणि दोन्ही करावी लागतील. येत्या लग्नसराईत किंवा जत्रेला सात माणसे घेऊन निघण्याआधी मागच्या चाकांजवळ वाकून दोन्ही शॉकअपवर तेल ओघळले आहे का, एवढे तरी पाहून घ्यावे. त्याला पाच मिनिटे लागतात आणि पैसा एकही लागत नाही.